अनारकली : भिंत खरी, प्रेम कल्पित

लाहोरच्या सरकारी सचिवालयाच्या आवारात एक अष्टकोनी मकबरा आहे. त्याच्या आत आज कुणी फातिहा पढत नाही, कारण तिथे पंजाब सरकारचा जुना दप्तरखाना आहे. इंग्रजी अंमलाच्या सुरुवातीला या इमारतीचं चर्च झालं होतं. १८९१ पासून तिथे कागदपत्रं ठेवली जाऊ लागली. फायलींच्या गराड्यात एक संगमरवरी कबर आहे. तिच्यावर अल्लाहची ९९ नावं अप्रतिम कोरली आहेत, एक फारसी शेर आहे आणि स्वतःला मजनूं म्हणवणाऱ्या सलीमची सही आहे. हिजरी १००८ आणि १०२४, म्हणजे साधारण इ.स. १५९९ आणि १६१५, अशी दोन सालंही आहेत. फक्त कबरीत कोण आहे, त्याचं नाव नाही.

लोकांनी ते नाव केव्हाच देऊन टाकलं आहे. शेजारचा बाजारही त्याच नावाने ओळखला जातो. अनारकली.

ही अनारकली महाराष्ट्रातल्या घराघरांत माहीत आहे. ज्यांना अकबराच्या एकाही बेगमेचं नाव सांगता येणार नाही, त्यांनाही अनारकली भिंतीत चिणली गेली हे ठाऊक असतं. इतिहासाचा विद्यार्थी म्हणून मला या गोष्टीचं कायम कुतूहल वाटत आलं आहे. जी बाई होती की नाही याचाच पत्ता नाही, तिच्यासाठी चार पिढ्यांचे प्रेक्षक का रडले? आणि जिच्या अस्तित्वाचे कागद आपल्याकडे आहेत, अशा एखाद्या खऱ्या स्त्रीसाठी आपण तितके का रडत नाही?

इतिहास काय सांगतो?

अकबराच्या काळाबद्दल साधनांची टंचाई नाही. अबुल फजलचा 'अकबरनामा' आहे. अकबराचे दोष मोजायला टपून बसलेला अब्दुल कादिर बदायुनी आहे. जहांगीरची स्वतःची 'तुझुक' आहे, ज्यात तो आपल्या दारूबद्दल आणि अबुल फजलच्या खुनाबद्दलही मोकळेपणाने लिहितो. यांपैकी कुणीही अनारकलीचं नाव घेत नाही.

तिचा पहिला उल्लेख सापडतो तो विल्यम फिंच या इंग्रज व्यापाऱ्याच्या लिखाणात. फिंच १६०८ मध्ये सुरतेला उतरला आणि १६११ मध्ये लाहोरला होता. जहांगीर एका स्त्रीसाठी सुंदर मकबरा बांधतो आहे, असं त्याने पाहिलं. बाजारात त्याला जे सांगितलं गेलं ते त्याने टिपलं : ही अकबराची बायको, शहजादा दानियालची आई. तिचे आणि सलीमचे संबंध असल्याचं कळल्यावर अकबराने तिला भिंतीत बंद करून मारलं. पुढे सर टॉमस रो या वकिलाच्या पदरी असलेल्या एडवर्ड टेरी या पाद्र्यानेही तिला अकबराची अत्यंत लाडकी बायको म्हटलं आहे.

कथेचं हे पहिलं रूप नीट पाहायला हवं. यात अनारकली सलीमच्या बापाची बायको आहे. कुरआनच्या सूरह निसामध्ये बापाने निकाह केलेल्या स्त्रीशी निकाह करायला स्पष्ट मनाई आहे. म्हणजे फिंचने ऐकलेली गोष्ट प्रेमकथा नव्हती, ती बदनामी होती. राजमहालाबद्दल बाजारात जी कुजबूज चालते, त्यातलीच एक. परदेशी व्यापाऱ्याला ती चविष्ट वाटली असेल. पण लाहोरच्या गल्लीतली एखादी आई हा किस्सा ऐकून डोळ्यांना पदर लावणं शक्य नव्हतं.

वस्तुस्थितीही पाहू. १५९९ मध्ये सलीम तीस वर्षांचा होता. त्याच्या अनेक बेगमा होत्या. खुसरो बारा वर्षांचा, खुर्रम, म्हणजे पुढचा शाहजहान, सात वर्षांचा झाला होता. बापाविरुद्ध त्याने बंड केलं ते पुढच्या वर्षी, आणि ते तख्तासाठी होतं. मकबरा सलीमची एक बेगम साहिब जमाल हिचा असावा, असंही काही अभ्यासकांचं मत आहे. तसं असेल तर कबरीवरचा तो शेर एका नवऱ्याने आपल्या मयत बायकोसाठी कोरला. खरं पाहता हीदेखील प्रेमाचीच गोष्ट आहे. पण नवऱ्याने बायकोसाठी रडावं यात अडथळा कुठला? म्हणून ती गोष्ट कुणी सांगितली नाही.

मिंबरवरची प्रेमकथा

कल्पित प्रेमकथेत माणसाला एवढं काय सापडतं, हा प्रश्न आपल्या पूर्वजांनाही पडला होता. बदायुनीने एक हकिकत नोंदवली आहे. १३७९ मध्ये मौलाना दाऊद यांनी अवधी बोलीत 'चांदायन' लिहिलं. लोरिक आणि चांदा यांची ही लोककथा. दोघांचीही आधी लग्नं झालेली, आणि तरी एकमेकांसाठी घर सोडून निघालेली. दिल्लीत शेख तकीउद्दीन नावाचे एक वाइज होते. ते मिंबरवरून उपदेश करताना या काव्यातले भाग म्हणत आणि ऐकणारे भारावून जात. ही हिंदवी मसनवी कशासाठी, असं विद्वानांनी विचारलं, तेव्हा त्यांनी उत्तर दिलं की यात सगळं ईश्वरी सत्यच आहे, इश्काच्या वाटेवर चालणाऱ्यांना ते भावतं आणि कुरआनच्या काही आयतींच्या आशयाशी ते जुळतं.

मशिदीत प्रेमकथा! आज कुणी असं केलं तर जमात दुसऱ्या दिवशी बैठक बोलावेल. पण त्या वाइजला माणसाचं मन ठाऊक होतं. ऐकणाऱ्याला लोरिक कोण, चांदा कोण याच्याशी कर्तव्य नव्हतं. आपल्याला जे हवं आहे ते लांब आहे आणि मध्ये काहीतरी उभं आहे, हा अनुभव प्रत्येकाचा होता. सूफी त्या हव्याहव्याशा गोष्टीला खुदा म्हणाले, विणकर आपल्या गावी राहिलेल्या बायकोला म्हणाला असेल. कथा दोघांनाही पुरली.

आपल्या दख्खनमध्येही हीच परंपरा बहरली. गोवळकोंड्याला मुल्ला वजहीने १६०९ मध्ये 'कुतुब मुश्तरी' लिहिलं. विजापूरला अली आदिलशाह दुसरा याच्या दरबारात नुसरतीने १६५७ मध्ये 'गुलशन-ए-इश्क' रचलं. दख्खनी भाषेतल्या या मसनवीची सुरुवात रीतीप्रमाणे हम्दने होते आणि नायक-नायिका आहेत मनोहर आणि मधुमालती. झोपलेल्या राजपुत्राला पऱ्या उचलून तिच्या महालात नेतात, दोघं भेटतात, सकाळी तो पुन्हा आपल्या घरी असतो. मग सगळं काव्य म्हणजे शोध. वाटेत समुद्र आहे, राक्षस आहे, आईच्या शापाने ती पक्षी होते. नुसरतीच्या आधी शंभर वर्षं मंझनने हीच कथा अवधीत सांगितली होती. ऐकणाऱ्यांना शेवट माहीत असे. तरीही ते रात्र रात्र बसत.

या जुन्या कथांतला अडथळा बहुतेक वेळा बाहेरचा असे. समुद्र ओलांडता येतो, राक्षस मारता येतो. प्रेमिकाने धीर धरला, नफ्सवर काबू ठेवला, तर मिलन होई. अनारकलीच्या कथेत मात्र समुद्र नाही. तिच्या वाटेत नायकाचा सख्खा बाप उभा आहे. विसाव्या शतकाला ही कथा का लागली, याचं उत्तर मला तिथे दिसतं.

बेगमेची कनीज कशी झाली?

१८९२ मध्ये सय्यद मुहम्मद लतीफ यांचं लाहोरवरचं इंग्रजी पुस्तक प्रसिद्ध झालं. त्यात स्थानिक दंतकथा आहे : नादिरा किंवा शरफुन्निसा नावाची स्त्री, अकबराने तिला अनारकली हा किताब दिला. एकदा आरशांच्या दालनात बसलेल्या अकबराला आरशात दिसलं की ती सलीमकडे पाहून हसली. तेवढ्यावर तिला जिवंत गाडण्याचा हुकूम झाला. फिंचपासून लतीफपर्यंत पावणेतीनशे वर्षांत गोष्टीत आरसा आला आणि दानियालची आई हळूच बाजूला झाली.

मग आले इम्तियाज अली ताज. जन्म लाहोर, १९००. वडील मौलवी मुमताज अली आणि आई मुहम्मदी बेगम. या दांपत्याने १८९८ मध्ये 'तहजीब-ए-निस्वां' हे स्त्रियांसाठीचं उर्दू साप्ताहिक सुरू केलं होतं आणि मुहम्मदी बेगम त्याच्या संपादक होत्या. मुस्लिम मुलींनी शिकावं, त्यांच्या मर्जीविरुद्ध निकाह लावू नये, हे विषय ज्या घरात रोज चर्चिले जात, त्या घरातल्या मुलाने १९२२ मध्ये, वयाच्या बाविसाव्या वर्षी, 'अनारकली' हे नाटक लिहिलं. या कथेला ऐतिहासिक आधार सापडत नाही, हे ताज यांनी स्वतःच प्रस्तावनेत सांगून टाकलं. नाटक कंपन्यांनी सुचवलेले बदल त्यांना मान्य नव्हते, म्हणून रंगमंचावर येण्याऐवजी ते बराच काळ कागदावरच राहिलं. पण लोकांनी ते वाचलं, आणि पुढचे सगळे चित्रपट त्याच्याच पोटातून जन्मले.

ताज यांच्या नाटकातला सगळ्यात मोठा बदल म्हणजे अनारकलीचा दर्जा. ती आता महालातली कनीज आहे. या एका बदलाने कथेचा धर्मच पालटला. सावत्र आईवरचं प्रेम हे पाप होतं. कनिजेचं शहजाद्यावरचं प्रेम ही फक्त गुस्ताखी आहे. तिने अल्लाहचा कायदा मोडलेला नाही. तिने आपली पायरी ओलांडली आहे. आणि पायरी माणसांनी ठरवलेली असते, हे ऐकणाऱ्या प्रत्येकाला आतून माहीत असतं.

इथे मला बरीरा यांची हकिकत आठवते. सहीह बुखारीत ती आली आहे. बरीरा गुलाम होत्या. हजरत आयेशा यांनी त्यांना आझाद केलं. आझाद झाल्यावर गुलामीच्या काळातलं लग्न ठेवायचं की नाही, याचा अधिकार त्यांना मिळाला आणि त्यांनी नवऱ्याला सोडलं. नवरा मुगीस मदिनेच्या गल्ल्यांतून त्यांच्या मागे रडत फिरे. पैगंबरांनी (स.) बरीरांना त्याच्याकडे परत जाण्याबद्दल विचारलं. बरीरांनी विचारलं, हा हुकूम आहे का? नाही, मी फक्त शिफारस करतो आहे, असं उत्तर मिळालं. तेव्हा त्या म्हणाल्या, मग मला त्याची गरज नाही. आणि विषय संपला. कुणी त्यांना बेअदब म्हटलं नाही.

काल गुलाम असलेली बाई खुद्द पैगंबरांसमोर आपला नकार मांडते आणि तो मानला जातो. अनारकली बादशाहसमोर आपला होकार मांडते आणि तिला भिंत मिळते. मुस्लिम वाचकाला ही कथा बोचते ती इथे. दीनने जो हक दिला, तो तख्ताने आणि घराण्याने हिसकावला, हे त्याला कुणी समजावून सांगावं लागत नाही. त्याने ते आपल्या घरात पाहिलेलं असतं.

लाहोरची कनीज मुंबईत

१९२८ या एकाच वर्षात अनारकलीवर दोन मूकपट निघाले. त्यातल्या मुंबईच्या इम्पीरियल कंपनीच्या चित्रपटात नायिका होती सुलोचना, म्हणजे पुण्यात जन्मलेली ज्यू मुलगी रूबी मायर्स. बोलपट आल्यावर १९३५ मध्ये पुन्हा तीच अनारकली झाली. १९५३ मध्ये फिल्मिस्तानने 'अनारकली' काढला, तेव्हा बीना राय नायिका होती आणि सुलोचना सलीमची आई. एकाच बाईने आधी प्रेयसी आणि मग सासू व्हावं, इतका काळ ही कथा आपल्या पडद्यावर राहिली. त्या चित्रपटाचं संगीत होतं सी. रामचंद्र यांचं, म्हणजे पुणतांब्याच्या रामचंद्र चितळकरांचं. लाहोरची दंतकथा, पुण्याची ज्यू नटी, नगर जिल्ह्यातला मराठी संगीतकार. आपली संस्कृती कशी बनते, हे कुणाला शिकवायचं असेल तर हे उदाहरण पुरे आहे.

के. आसिफ यांनी 'मुघल-ए-आजम'चं काम फाळणीपूर्वी सुरू केलं होतं. चंद्रमोहन अकबर, सप्रू सलीम आणि नर्गिस अनारकली. फाळणी झाली, पैसे घालणारे शिराज अली हकीम पाकिस्तानात गेले, १९४९ मध्ये चंद्रमोहन वारले. मग शापूरजी पालनजी यांच्या पैशावर नव्याने सुरुवात झाली आणि ५ ऑगस्ट १९६० रोजी मुंबई सेंट्रलच्या मराठा मंदिरमध्ये चित्रपट झळकला. पृथ्वीराज कपूर, दिलीपकुमार, मधुबाला. लाहोरची ही कथा मुंबईत घडून लाहोरच्या पडद्यावर रीतसर पोहोचायला मात्र २००६ साल उजाडलं.

आसिफ आणि त्यांच्या लेखकांनी कथेशी काय केलं, ते प्रेमकथा लिहिणाऱ्या प्रत्येकाने अभ्यासावं. चित्रपटाचं नाव प्रेमिकांवरून नाही, अकबरावरून आहे. गोष्ट सांगतो तो हिंदुस्तान स्वतः. आणि सुरुवात होते ती मूल व्हावं म्हणून अनवाणी पायांनी सलीम चिश्तींच्या दाराशी जाणाऱ्या बापापासून. पुढे जो माणूस प्रेमिकांना चिरडणार आहे, त्याच्यावर आधी आपल्याला प्रेम करायला लावलं जातं. पृथ्वीराज यांचा अकबर खलनायक असता तर चित्रपट चार आठवड्यांत उतरला असता. त्याची बाजू खरी वाटते. त्याने तख्त उभं केलं आहे, मुलावर जीव टाकला आहे आणि हिंदुस्तानची जबाबदारी त्याच्या खांद्यावर आहे. शेवटी तराजूच्या एका पारड्यात मुलगा आणि दुसऱ्यात इन्साफ आला, की पाहणाऱ्याला कळेनासं होतं आपण कुणाच्या बाजूने आहोत.

मग येतो शीशमहाल. लतीफ यांच्या पुस्तकात अकबराला आरशात चोरून दिसलेलं एक हसू होतं. आसिफ यांनी त्या एका आरशाचे हजारो केले. चोरून पकडली गेलेली स्त्री इथे भर दरबारात, स्वतःच्या मर्जीने, बादशाहच्या डोळ्यांत डोळे घालून आपलं प्रेम जाहीर करते. छताच्या प्रत्येक काचेत ती दिसते. ज्या बाईला अंधारात गाडायचं आहे, ती त्या क्षणी सगळा दरबार व्यापून टाकते. काळ्या-पांढऱ्या चित्रपटात हे गाणं रंगीत होतं, हा केवळ भपका नव्हता. कनिजेच्या होकाराला मिळालेला तो रंग होता.

शेवटही बदलला. ताज यांची अनारकली भिंतीत मरते. १९६०ची अनारकली भुयारातून गुपचूप सुटते. कारण सलीमच्या जन्माची खबर आणणाऱ्या दासीला अकबराने कधीतरी शब्द दिला होता आणि तीच अनारकलीची आई निघते. सलीमला हे कधीच कळत नाही. प्रजासत्ताक होऊन दहाच वर्षं झालेल्या देशाला आपला अकबर निरपराध मुलीचा खुनी म्हणून नको होता. फाळणीच्या जखमेनंतर, हिंदुस्तान म्हणजे काय हे ज्याच्या तोंडून सांगायचं, त्या बादशाहचे हात स्वच्छ राहायला हवे होते. म्हणून प्रेक्षकाला दोन्ही मिळालं. विरह पुरा आणि इन्साफही शाबूत.

भिंतीवरचा विश्वास

या तीनशे-साडेतीनशे वर्षांच्या प्रवासात प्रेमिक जवळजवळ बदललेच नाहीत. सलीमला स्वभाव असा फारसा कधीच नव्हता. एक देखणा शहजादा, बस्स. अनारकलीला कुठे गाव नाही, आवडीनिवडी नाहीत. बदलत गेली ती फक्त भिंत. १६११ मध्ये ती हरमची आब होती, १९२२ मध्ये घराण्याचा दर्जा आणि बापाची सत्ता, १९६० मध्ये राज्याचा कायदा. प्रत्येक पिढीने आपल्या उंबऱ्यावरची भिंत उचलून त्या कथेत नेऊन बसवली.

माझं म्हणणं एवढंच आहे. कल्पित प्रेमकथा मनाला भिडते ती प्रेम खरं वाटल्यामुळे नाही. प्रेम तर सगळ्याच गोष्टींत सारखं असतं. भिडते ती मधली भिंत खरी असल्यामुळे. कॉलेजात शिकणाऱ्या ज्या मुलीला घरच्यांनी विचारल्याशिवाय स्थळ पाहिलं, तिने अनारकलीसाठी गाळलेले अश्रू तिचे स्वतःचे होते. स्वतःसाठी रडण्याची मुभा नव्हती, ती कनिजेच्या नावाने मिळाली. कल्पित पात्राचा मोठा उपयोग हा असतो. त्याच्यासाठी रडल्याबद्दल कुणी जाब विचारत नाही.

दुसरी गोष्ट, या कथा नेमक्या वेळी संपतात. मनोहर-मधुमालतीचं लग्न झालं की नुसरती कलम खाली ठेवतो. सलीम-अनारकली तर संसारापर्यंत पोहोचतच नाहीत. त्यांना कधी रेशन भरावं लागत नाही, आजारी सासूचं करावं लागत नाही, मुलांचं नाव काय ठेवायचं यावर भांडावं लागत नाही. जे घडलंच नाही ते कायम ताजं राहतं.

खरी मस्तानी

इथे मला आपल्या पुण्याची मस्तानी समोर आणावीशी वाटते. ती कल्पित नाही. १७२९ मध्ये बाजीरावाने छत्रसालाला मदत केली, त्यानंतर ती पेशव्यांच्या घरात आली. शनिवारवाड्यातला तिचा महाल, तिच्या नावाचा दरवाजा आणि शिरूर तालुक्यातल्या पाबळची तिची कबर इतिहासाला ठाऊक आहे. बाजीराव मोहिमेवर असताना घरच्यांनी तिला पुण्यात कैदेत ठेवलं, हेही ठाऊक आहे. २८ एप्रिल १७४० रोजी रावेरखेडीला बाजीराव गेला आणि थोड्याच काळात मस्तानीही.

या खऱ्या भिंतीत चिणलेल्या बाईबद्दल महाराष्ट्राने दीर्घकाळ काय लक्षात ठेवलं? तिने पान खाल्लं की गोऱ्या गळ्यातून पिंक उतरताना दिसायची, ही दंतकथा. तिला नाचणारी म्हणून हिणवणं. १९७२ मध्ये ना. सं. इनामदारांची 'राऊ' आली, तेव्हा कुठे मराठी वाचकाच्या मनात तिला माणूस म्हणून जागा मिळाली. म्हणजे खऱ्या बाईलाही न्याय मिळवायला कादंबरीत यावं लागलं.

पण कादंबरी आणि चित्रपट थांबतात तिथून पुढे इतिहास चालतोच. मस्तानीला मुलगा होता. त्याची मुंज करायला पुण्याच्या ब्राह्मणांनी नकार दिला. तो मुसलमान म्हणून, शमशेर बहादूर म्हणून, पेशव्यांच्या घरात वाढला आणि १७६१ मध्ये पानिपतावर मराठ्यांच्या बाजूने लढून, तिथे झालेल्या जखमांनी गेला. पुढे त्याच्या वंशात बांद्याचे नवाब झाले. प्रेमकथेपेक्षा ही हकिकत मला जास्त हलवते, पण तिच्यावर गाणं होत नाही. कारण त्यात प्रेक्षकाला प्रश्न पडतो : त्या मुलाला नाकारणारे कोण होते? अनारकलीची भिंत बांधणारा बादशाह आहे, तो लांबचा आहे. मस्तानीची भिंत बांधणारे आपल्याच वाड्यातले होते.

कथेला पुरावा केलं की

कल्पित कथेची ही ताकद दुधारी आहे. मलिक मुहम्मद जायसी यांनी १५४० मध्ये 'पद्मावत' लिहिलं. अलाउद्दीन खिलजीचा चित्तोडचा वेढा १३०३ चा. मध्ये २३७ वर्षं गेली आहेत. त्या मोहिमेबरोबर गेलेल्या अमीर खुसरोंनी पद्मिनीचा उल्लेखही केलेला नाही. एका मुस्लिम सूफी कवीने इश्काचा अर्थ सांगायला रचलेलं काव्य पुढे मुसलमानांविरुद्धचा पुरावा म्हणून वापरलं गेलं, आणि २०१७-१८ मध्ये त्यावरच्या चित्रपटावरून रस्ते पेटले. अनारकलीला इतिहास मानणारा भाबडा असतो. त्याने कुणाचं वाईट होत नाही. पण काव्यातल्या प्रसंगाचा सूड आजच्या शेजाऱ्यावर उगवायला निघालेल्या माणसाला कथा म्हणजे काय हेच उमगलेलं नसतं.

आणि भिंत आजही आहे. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याखाली लग्न करायचं तर तीस दिवस आधी नोटीस द्यावी लागते. ती कार्यालयात लावली जाते, कुणालाही वाचता येते. कायदा दोन माणसांच्या संमतीसाठी केला, पण त्या तीस दिवसांत गावचे सगळे अकबर जागे होतात. डिसेंबर २०२२ मध्ये महाराष्ट्र सरकारने आंतरधर्मीय विवाहांची माहिती घेणारी समिती नेमली. दोन प्रौढांच्या घरात डोकावणाऱ्या या आरशाला शीशमहालाची शोभाही नाही.

आपल्या समाजानेही यावर फक्त दुसऱ्याकडे बोट दाखवून भागणार नाही. लग्न मुस्लिम घरातच ठरत असतं, तरी बिरादरी विचारली जाते, खानदान तपासलं जातं. निकाहात मुलीची संमती ही अट आहे, हे आपण तकरिरींत अभिमानाने सांगतो. मग वकील आणि गवाह आतल्या खोलीत जातात, मान खाली घातलेल्या मुलीभोवती दहा बायका बसलेल्या असतात आणि तिच्या गप्प राहण्याला होकार समजून ते बाहेर येतात. तिला आधी एकटीला, घाई न करता, कुणी विचारलं होतं का? बरीरांना तो प्रश्न विचारणारे आणि उत्तर ऐकून घेणारे खुद्द पैगंबर (स.) होते.

टीव्हीवर 'मुघल-ए-आजम' लागला की आपल्या घरात आजही सगळे बसतात. अब्बा पृथ्वीराज यांच्या संवादांना दाद देतात, अम्मी शीशमहालाची वाट पाहते, मुली मधुबालाकडे बघत राहतात. एकाच खोलीत बसून प्रत्येक जण वेगळ्या माणसासाठी हळहळत असतो. चित्रपट संपल्यावर त्या खोलीत कधीतरी बोलणंही व्हावं. अनारकलीला काय हवं होतं यावर आपण साठ वर्षं बोललो. शेजारी बसलेल्या मुलीला काय हवं आहे, हे तिलाच विचारायला तर कुठल्याही बादशाहची परवानगी लागत नाही.